गाडी कोण चालवत होतं

माझं शिक्षण चौथीपर्यंतचं. ऱ्हस्व-दीर्घ मला कळत नाही आणि अक्षर वाकडंतिकडं येतं, त्याबद्दल जो कोणी हे वाचेल त्यानं माफ करावं. चार माणसांत बोलायची मला सवय नाही, म्हणून वंदनाबद्दल लिहून ठेवते आहे. तिला जाऊन सात आठवडे झाले. त्या सकाळी मी नारायणगुड्यात डबे पोचवत होते, एका इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर होते, तेव्हा तिच्या आईचा, गयामावशींचा फोन आला. "शालू, वंदनाचा डबा आज दवाखान्यात आणू नको," एवढंच म्हणाल्या. मला वाटलं ताप उतरला, घरी सोडत असतील... मी बरं म्हणून फोन ठेवला आणि पुढची घंटी वाजवली. डेंग्यूनं चार दिवसांत नेलं तिला. चौतीस वर्षांची होती.

बरकतपुऱ्यात आम्ही एकाच गल्लीत. घरची माणसं दोघींची मूळची नांदेडकडची, म्हणून ती मला शालूताई म्हणायची. गयामावशी शाळेत आया, दिवसभर बाहेर, त्यामुळे वंदना घरून काम करायची त्या दिवशी दुपारचा डबा माझा असायचा. तिचं काम मला आधी समजायचंच नाही. अमेरिकेतल्या दवाखान्यांचे कागद तिच्या कॉम्प्युटरवर यायचे आणि कोणाला काय लागलं, कशानं लागलं, याचा नंबर ती त्यावर टाकायची. त्या नंबरावर तिकडे बिल ठरतं. शेतात, चिखलात, डोंगरात चालवायच्या चार चाकांच्या मोटारसायकली असतात, त्यांच्यावरून पडलेले लोक तिच्याकडे फार यायचे. डबा उघडता उघडता सांगायची, आज सहा पडले शालूताई, त्यात एक सत्तरीचे आजोबा. मी विचारायचे, त्यांना आता करून कोण घालतं? ती हसायची, म्हणायची ते कागदावर नाही. गाडी रस्त्यावर होती की रस्ता सोडून, पडलेला माणूस चालवत होता, मागे बसला होता की बाहेरून लटकला होता, प्रत्येकाचा नंबर वेगळा. डॉक्टरनं लिहिलंच नसेल तर 'माहीत नाही' यालाही नंबर होता. "मनानं भरायचं नाही ताई," ती म्हणायची, "मग खरं काय झालं ते कायमचं जातं."

इतकी वर्षं नंबर टाकून तिनं ती गाडी डोळ्यांनी पाहिली नव्हती. दोन वर्षांपूर्वी बोनस मिळाला तेव्हा मला घेऊन विकाराबादच्या वाटेवरच्या एका बागेत गेली. तिथे पैसे घेऊन ती गाडी फिरवायला देतात. वंदना आधी गाडीभोवती फिरली, हात लावून दाखवू लागली, इथून माणूस उडतो, इथे पाय अडकतो... जसं काही तिचे सगळे पेशंट तिथे उभे होते. मग एक चक्कर मारून आली आणि मला म्हणाली, "आता तू." मी कधी सायकल चालवलेली नाही. नक्को नक्को म्हणतच पुढे बसले, ती मागे बसली. अंगठ्यानं एक खटका दाबला की ती गाडी पळते. मी दाबला. खोटं कशाला सांगू, आयुष्यात तेवढी मी कधी हसले नाही. वंदना मागून हळू ताई, हळू ताई करत होती आणि तीही हसत होती. वळणावर मी घाबरले, अंगठा सुटायच्या ऐवजी अजून दाबला गेला. मी बाजूच्या गवतात पडले. गाडी वंदनावर पडली.

तिच्या खांद्याचं हाड आणि उजवं मनगट मोडलं. दवाखान्यात तिला आत नेलं आणि बागेचा माणूस फॉर्म घेऊन माझ्यापुढे आला. जो चालवेल त्यानंच गाडीची नुकसानभरपाई द्यायची, असा त्यांचा नियम होता. "गाडी कौन चला रहे थे अम्मा?" त्यानं विचारलं. मी मान खाली घातली. त्यानं माझ्या साडीकडे पाहिलं, काचेतून वंदनाच्या जीन्सकडे पाहिलं आणि आपणच म्हणाला, "वो लडकी चलाई ना." तसंच लिहिलं. मी फक्त नाही म्हटलं असतं तरी पुरलं असतं. त्यानं खाली माझी सही घेतली. लोक म्हणतात शालू फार लाजाळू आहे. ते लाजणं नव्हतं. किती मागतील आणि नवऱ्याला काय सांगू, ही भीती होती, आणि लाजणं मला आयतं उपयोगी पडलं.

संध्याकाळी वंदनानं तो कागद डाव्या हातात धरून वाचला. दिवसभर दुसऱ्यांचे कागद वाचणारी मुलगी ती. एका जागी थांबली आणि माझ्याकडे पाहिलं. मी पाण्याची बाटली भरून आणायला उठले. परत आले तेव्हा कागद घडी करून उशीखाली ठेवला होता. मला वाटतं, ती मी बोलायची वाट पाहत होती... त्या दिवशी आणि नंतरही.

गाडीचे अठरा हजार तिनं पगारातून भरले. तिला स्कूटी घ्यायची होती, ती गयामावशींनी घेऊ दिली नाही. "तुझं चालवणं कळलंय सगळ्या गल्लीला, आता कोणाला तरी मारून ये," असं माझ्यासमोर म्हणायच्या. वंदना भाकरी मोडत राहायची आणि मी तिला भाजी वाढायचे. ऑफिसच्या दिवशी ती शेवटपर्यंत दोन बस बदलून गेली.

वंदनाचं पुण्यानुमोदन, म्हणजे मागचं कार्य, झाल्यावर मी कानातलं मोडलं. दहा हजार गयामावशींना नेऊन दिले आणि वंदनाच्या भिशीचे आहेत म्हटलं. तिथेही खोटंच बोलले. बाकीचे जमवून काल गेले. त्यांनी आतून आधीचं पाकीट आणलं, हात न लावलेलं.

"वंदना भिशी लावत नव्हती," त्या म्हणाल्या. "हे कशाचे आहेत, शालू?"

मी सांगितलं. गाडी मी चालवत होते, वंदना मागे बसली होती. एवढंच होतं ते.

गयामावशींनी हातातलं पाकीट खाली ठेवलं. मग म्हणाल्या, "किती बोलले गं मी तिला." मी पाया पडायला वाकले तर त्यांनी पाय मागे घेतले. चष्मा लावला, दोन्ही पाकिटं रिकामी केली, नोटा एकदा मोजल्या, परत मोजल्या.

"अठरा बरोबर," म्हणाल्या. "पैशाचं काही राहिलं नाही."