पार्किंगमधली हरीची लूट

देवाच्या नावाने दरोडा घालायला शेजाऱ्यांना आग्रहाने बोलावणारी बाई मी आयुष्यात एकच पाहिली. हडपसरला आमच्या समोरच्या घरात राहणाऱ्या बंगाली वहिनी.

त्यांचे यजमान पेठेत सोन्याचे दागिने घडवायचे. वहिनी राहायच्या पुण्यात, पण जीव सगळा बंगालमधल्या त्यांच्या खेड्यात. इथलं पाणी जड, इथला तांदूळ कोरडा आणि इथला देव "फार शांत". दिवे लागले की त्या जीभ हलवत "उलुलुलु" असा आवाज काढायच्या. पहिल्या दिवशी तळमजल्यावरचे आजोबा काठी घेऊन वर धावले होते. कोणी चहाला बसलं की गावातल्या वैशाखातल्या कीर्तनाचं सुरू. तीन दिवस हरिनाम खंडत नाही, केळीच्या पानावर खिचडी, आणि शेवटी हरीची लूट! तुळशीपुढे बत्तासे उधळतात आणि म्हाताऱ्यासुद्धा धुळीत बसून वेचतात. सांगता सांगता वहिनी स्वतःच फरशीवर बसून दाखवायच्या.

एका वर्षी गावाकडे त्यांची आई फार आजारी पडली. जाणं जमेना, म्हणून त्यांनी हरीला लूट बोलली, म्हणजे नवसच. आई उठून बसली. मग वहिनी घरोघर सांगत सुटल्या, "माझा मा बरा झाला! उद्या पार्किंगमध्ये लूट. सगळे लुटायला या."

आजोबा म्हणाले, "वॉचमनला सुट्टी दिलीय ना?"

दुसऱ्या दिवशी आम्ही आठ-दहा बायका जमलो. मध्ये तुळशीची कुंडी. वहिनींनी ओंजळभर बत्तासे उधळले. ते टपटप खाली पडले आणि आम्ही प्रसादासाठी तळहात पुढे करून तशाच उभ्या.

"अहो, प्रसाद पायाशी टाकतात का? हातावर द्या की," सेक्रेटरीबाई म्हणाल्या.

"हातावर दिला तर लूट कसा?" वहिनी एकेकीच्या तोंडाकडे बघायला लागल्या. "कोणी नाही उचलला तर माझा नवस नाही फिटत. दीदी, तू उचल ना!"

दीदी म्हणजे मी. हळदीकुंकवालाही मी दाराशीच बसणारी. पण त्यांचं तोंड बघवेना. पदर खोचला आणि खाली बसले. पहिला बत्तासा उचलला, तोच मागून आजोबा म्हणाले, "फुकट आहे ना? मग सरका जरा." मग काय, डोक्यावर डोकी आपटली. सेक्रेटरीबाई तर स्कूटरखाली हात घालून एक बत्तासा ओढत होत्या. फरशीवर एकही उरला नाही. वहिनी हसता हसता रडायला लागल्या.

आता त्या आईजवळ गावीच राहतात. समोरच्या घरात नवीन मंडळी आलीत, दार लावून असतात. वैशाखात मात्र वहिनींचा फोन येतो. मागे इतका गलका असतो की त्यांना ओरडावं लागतं, "दीदी, मा तुझ्या वाट्याचा पण उचलतो!"

मी इकडे हळूच म्हणते, "खूप वर्षं उचला म्हणावं."