टाकीचं गरम पाणी आणि समुद्राखालचं रबर

प्रेशर गेजचा काटा जागचा हलला नाही. सलीमभाईंनी रबर बसवून आत पाणी दाबलेल्या टेस्टिंगच्या साच्याभोवती कोरडा हात फिरवला, तळवा मला दाखवला आणि म्हणाले, "देखो मॅडम, एक बूंद नै. पास!" कारखान्याचे मालक भाऊसाहेब मागेच उभे होते. त्यांनी लगेच पेढे आणायला माणूस पिटाळला. मी हात धुवायला नळ सोडला आणि चटका बसून हात मागे घेतला.

चितेगावला, पैठण रोडवर आमचा रबराचा कारखाना. मी तिथे क्वालिटी बघायचे. माझी सही झाल्याशिवाय माल गेटबाहेर जात नसे, त्यामुळे मी फारशी कुणाला आवडायचे नाही. सलीमभाई टेस्टिंग सांभाळत. या वेळचा माल मात्र नेहमीचा नव्हता. उत्तरेकडच्या एका थंड समुद्राखालून रेल्वेचा बोगदा जाणार होता आणि त्याचं पाणी अडवणारं रबर आम्ही करणार होतो. म्हणजे ऑर्डर मिळाली तर. नाही मिळाली, तर मोल्डिंगचं शेड बंद करायचं हे भाऊसाहेबांनी ठरवूनच टाकलं होतं. गावातल्या बऱ्याच बाया त्या शेडमध्ये कामाला होत्या.

समुद्राखाली बोगदा खणणं हे निम्मंच काम. उरलेलं निम्मं म्हणजे खणलेल्या भोकात पाणी न येऊ देणं. लंडनमध्ये नदीखालून पहिला बोगदा खणला तेव्हा आतून विटांचं अस्तर होतं. नदी पुन्हा पुन्हा आत घुसली, माणसं गेली. लाकूड पोखरणारा एक किडा पुढे पोखरतो आणि मागे भोकाला अस्तर लावत जातो, त्यावरून तिथल्या इंजिनिअरला युक्ती सुचली असं सांगतात. आजची अवाढव्य मशिनंही तेच करतात. पुढे खडक कापायचा आणि मागे काँक्रीटचे वाकडे तुकडे जोडून गोल कडं पूर्ण करायचं. या तुकड्यांना सेगमेंट म्हणतात. प्रत्येक सेगमेंटच्या कडेने रबराची चौकट बसवलेली असते, ती गॅस्केट. दोन सेगमेंट एकमेकांवर दाबले की दोन्ही गॅस्केट चेपतात आणि पाण्याची वाट बंद होते. एवढ्या मोठ्या समुद्राला अडवायला बोटभर रुंदीचं रबर. आणि एकदा बसवलं की ते बदलता येत नाही.

तर, चटका. मी सलीमभाईंना विचारलं, "टेस्टलाही हेच पाणी घेतलं?"

"हौद सूखा है ना मॅडम. टँकर आयाच नै. तो उप्परवाली टाकी से लिया."

मे महिना, पत्र्यावर काळी टाकी, भर दुपार. आमच्या संभाजीनगरकडे उन्हाळ्यात दुपारी गच्चीवरच्या टाकीचा नळ कुणी सरळ अंगावर घेत नाही. आंघोळीची बादली सकाळीच भरून ठेवतात. घरी ही अक्कल प्रत्येकाला असते. कारखान्यात शिरताना आम्ही ती चपलांसोबत बाहेर काढून ठेवली होती.

गरम झालं की रबर फुगतं आणि साच्यात जास्त घट्ट बसतं. गार झालं की आकसतं. समुद्राच्या तळाशी काही मे महिना नसतो. मी भाऊसाहेबांना म्हटलं, "ही टेस्ट मी धरत नाही. बर्फाच्या पाण्यात परत घेऊ."

"नियमात लिव्हलंय का तसं?"

"नाही."

"मग कशाला उकरून काढता, मॅडम? परवा मेहता येऊ लागलेत. पास झालंय ते लई झालं."

मेहता हे बोगदा बांधणाऱ्या कंपनीचे मुंबईचे इन्स्पेक्टर. ते पास म्हणाले की ऑर्डर आमची. भाऊसाहेब माझ्यावर चिडले, मीही आवाज चढवला. शेवटी मी सांगितलं की सहीचं पेन माझ्या पर्समध्ये आहे आणि पर्स घेऊन मी घरी निघालेय. पेढे आले होते, ते कुणी उघडले नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी टेम्पोतून बर्फाच्या लाद्या आल्या. भाऊसाहेबांनीच मागवल्या होत्या. माणूस तापट, पण मनात शंका ठेवून झोप लागणाऱ्यातला नव्हे. साचा बर्फात पुरला, आत बर्फाचं पाणी फिरवलं, तो पुरता गार होऊ दिला आणि मग प्रेशर चढवलं. ठरलेल्या दाबाच्या निम्म्यावरच गळती लागली. तीन तुकडे जिथे एकत्र येतात, त्या कोपऱ्यातून.

कारण लगेच समजलं. गॅस्केटच्या सरळ पट्ट्या मशीनवर निघतात, पण कोपरे साच्यात रबर भरून जोडावे लागतात. कोपऱ्यात रबर जास्त झालं तर ते चेपत नाही आणि दाबाने काँक्रीटचाच टवका उडतो. त्या भीतीने आम्ही कोपरे पोकळ ठेवले होते. जरा जास्तच.

"आता ह्ये मेहतांना कोण सांगणार?" भाऊसाहेब खाली बसत म्हणाले.

मी त्यांच्यासमोरच फोन लावला. शेडमधल्या बायांचं काम माझ्या एका वाक्यावर लटकलं होतं.

"मेहतासाहेब, उद्या येऊ नका. आमचा माल गार पाण्यात गळतोय."

"काल भाऊसाहेब तर टेस्ट पास झाली म्हणाले?"

"गरम पाण्यात झाली. तुमच्या समुद्राचं पाणी केवढं गार आहे?"

"हिवाळ्यात बर्फाच्या आसपास."

"मग गार पाण्याची टेस्ट नियमात का नाही?"

त्यांनी पलीकडे कागद चाळले. मला वाटलं, संपलं. मग म्हणाले, "दुसऱ्या दोन कंपन्यांचे पास झालेले रिपोर्ट माझ्या टेबलावर आहेत. त्यांना हे विचारायला हवं. पंधरा दिवस घ्या. येताना मी थर्मामीटर घेऊन येतो."

पहिल्या दुरुस्तीत गळती थांबली, पण टेस्टसाठी घेतलेल्या काँक्रीटच्या ठोकळ्याचा टवका उडाला. दुसऱ्या वेळी कोपऱ्यातली पोकळी थोडीच कमी केली आणि दोन्ही जमलं. मेहतांनी बर्फात हात घालून खात्री केली. गार पाण्याची टेस्ट सगळ्यांनाच सक्तीची झाली आणि ऑर्डर आम्हाला मिळाली. शेड चालू राहिलं. मला फार आनंद झाला आणि तो मी लपवला नाही. या वेळी पेढे मी मागवले.

टेस्ट नापास झाली की सगळे कारण शोधायला धावतात. पास झाली की कुणी शोधत नाही. म्हणून पास झालेल्या टेस्टकडे जरा जास्त वेळ बघावं, एवढंच मी नवीन मुलांना सांगते.

काही वर्षांनी मेहतांनी फोनवर एक फोटो पाठवला. बोगदा पूर्ण, रूळ टाकलेले, भिंती कोरड्या. सलीमभाईंनी दोन बोटांनी तो मोठा करून करून पाहिला.

"अपना माल किधर है मॅडम?"

"फटीत. आता कुणालाच दिसणार नाही."

त्यांचा चेहरा पडला. "इतनी मेहनत, और दिखताच नै?"

"सलीमभाई, आपलं काम गळलं की दिसतं. दिसलं असतं तर मेहतांनी फोटो पाठवला नसता. फोन केला असता."