आमच्या मंडळाचा काळपाना

१९९१ सालचा हिवाळा. भाताची झोडणी उरकली होती आणि पनवेलात संध्याकाळी स्वेटर दिसायला लागले होते. आमच्या नाट्यमंडळाने तेव्हा तीन हजार सालातलं नाटक बसवायला घेतलं. माझं पत्र्याच्या पेट्यांचं दुकान. नव्या पेटीत कुणी एक जुना कपडा टाकला की घरादाराचं सामान त्यात येऊन पडतं. किश्श्यांचं तसंच आहे. त्या एका नाटकाने माझी पेटी भरली.

*

नाटक दातारने लिहिलं. विमा कचेरीत नोकरी, मुंबई सोडून न्यू पनवेलला राहायला आलेला. गोष्ट अशी, की पुढच्या जमान्यात लोक काळात मागेपुढे फिरतात. कुणी घोटाळा केला की काळपोलीस येतो. त्याच्या हातात एक यंत्र असतं, काळपाना. एका टोकाने घुसखोर पकडायचे, दुसऱ्या टोकाने बिघडलेला काळ दुरुस्त करायचा.

दातार कागदावर चित्र काढून घेऊन आला. मी पाहिलं.

"हा नळाचा पाना आहे."

"काका, जरा फ्यूचरचा वाटला पाहिजे."

"फ्यूचरमध्ये नळ गळणार नाहीत?"

मी पत्र्याचा पाना केला. आत टॉर्चचा दिवा, त्यावर लाल कागद आणि दारावरच्या घंटीचा बझर. बटण दाबलं की लाल उजेड आणि टर्रर्र आवाज. दातारने हातात घेऊन पाहिला. "वजन जास्त झालं."

"पोलिसाच्या हातातली वस्तू आहे," मी म्हटलं.

*

काळपोलीस झाला सुकापूरचा बाळाराम. घरच्या म्हशी, आवाज मोठा, डोकं तापट. घरी गावची बोली आणि स्टेजवर चढला की शुद्ध मराठी. पहिल्याच तालमीला उशिरा आला. दातार चिडला. "सातची वेळ दिली होती."

बाळारामने बझर दाबला. "आता सात वाजलं. आमी टायमावर हाव."

सरावासाठी तो पाना घरी नेऊन गोठ्यात वाजवायचा. बझरला बिचकून म्हशीने दूध चोरलं, धार देईना. दातारने विचारलं, "काळ उलटा फिरवलास की काय?"

"व्हय. दूध आत गेलं."

*

पहिल्या प्रयोगात सोमण सम्राट होता. बँकेत कॅशियर. मुकुट चढवला की त्याच्या डोक्यातलं सगळं खाली उतरायचं. दरबारात येऊन उभा राहिला आणि वाक्य विसरला. प्रेक्षक खोकायला लागले.

बाळारामने पाना रोखला. "सम्राट, काळात बिघाड झाला आहे. काळ मागे. पुन्हा दारातून आत या."

सोमण विंगेत गेला, वाक्य वाचून परत आला. टाळ्या पडल्या. दुसऱ्यांदा विसरला, तेव्हाही पडल्या. तिसऱ्यांदा मागून कुणीतरी म्हणालं, "ओ पोलीस, राजाच नवीन आणा."

दुसऱ्या दिवशी दातार सगळ्यांना सांगत होता, ते मुळात लिहिलेलंच होतं.

*

दुसऱ्या प्रयोगाला माझे व्याही पहिल्या रांगेत होते. सिंहासनाचा पाय डुगडुगत होता म्हणून मी स्टेजवर बसून खिळा ठोकत होतो. दातारने घाईत पडदा उघडायला सांगितला. तीन हजार सालच्या दरबारात मी, धोतर खोचलेलं आणि हातात हातोडी. हॉल हसायला लागला.

बाळाराम पलीकडून आला आणि पाना माझ्यावर धरला. "विसाव्या शतकातला पनवेलकर. विनापरवाना आमच्या काळात शिरला आहे. बोल, इथे काय पाहिलंस?"

"सिंहासनाचा पाय कच्चा आहे," मी म्हटलं.

हॉल पुन्हा हसला, पण आता माझ्या बाजूने. बाळाराम म्हणाला, "खबर खरी आहे. याला मानाने परत पाठवा." बझर वाजला. मी ताठ चालत आत गेलो.

व्याही नंतर म्हणाले, "तुम्ही कामही करता, बोलला नाहीत कधी."

उपकार मला मानवत नाहीत. बाळारामला मी म्हटलं, "हे माझ्याकडे राहिलं."

"राहू द्या, काका. त्याला चारा नाय लागत."

*

आपटा गावातल्या प्रयोगाला तिथले हिराजी पाटील दुसऱ्या अंकात आले. पहिल्या रांगेत बसले, थोडा वेळ पाहिलं, मग उठले.

"पयला अंक आमी बगला नाय."

दातारने विंगेतून हात जोडले. "पाटील, तो होऊन गेला."

"तुमच्या पोलिसाकडं पाना हाय ना? मंग न्या टायम मागं."

बाळारामने आमच्याकडे पाहिलं आणि बझर दाबला. पहिला अंक पुन्हा झाला. सोमण नवीन ठिकाणी विसरला.

*

उन्हाळ्यात बाळारामच्या मुलीला पाहायला पाहुणे यायचे होते. मुलीला मुलगा पसंत होता. बाळारामला स्वतःच्या तोंडाची भीती होती. "काका, तुमी बाजूला बसा," म्हणाला. पाना माझ्याकडे दुरुस्तीला होता, तो पिशवीत घालून गेलो.

पाहुणे आले. मुलाचे आजोबा म्हणजे आपट्याचे हिराजी पाटील. चहा झाला. मुलगी पोह्यांचा ट्रे घेऊन आली. मुलाचा मामा म्हणाला, "पोरी, जरा चालून दाखव."

मी बाळारामचा हात धरायच्या आत तो बोलून गेला. "म्हस बगायला आलाव काय? दात पन मोजा."

मामा उठला. हिराजी उठले. पाहुणे चपला शोधायला लागले. मुलगी ट्रे धरून तिथेच उभी.

मी पिशवीतून पाना काढला आणि बटण दाबलं. सगळे थांबले.

"पाटील, काळात बिघाड झालाय," मी म्हटलं. "आपट्याला तुमच्यासाठी अख्खा अंक मागे नेला होता."

हिराजींनी पान्याकडे पाहिलं, मग मुलीकडे. मामाच्या पाठीवर हात ठेवला.

"चला रं, भाईर."

सगळे फाटकाबाहेर गेले. बाळाराम दारात जाऊन उभा राहिला. पाहुणे परत आत आले.

"या," बाळाराम म्हणाला. "या, बसा."

पुन्हा चहा आला. मुलगी पुन्हा पोहे घेऊन आली. मामाने तिला शिक्षण विचारलं. चालायला कुणी सांगितलं नाही. संध्याकाळी सुपारी फुटली.

निघताना मी पाना बाळारामच्या हातात दिला.

"फिटलं," मी म्हटलं.

"फिटलं, काका."