गावाला पुरणारा गॅस

औरंगाबादला भावाकडे गारखेड्यात पोचले, तेव्हा वहिनी रॉकेलच्या स्टोव्हशी भांडत होती. सिलिंडरला नंबर लावून महिना उलटला होता. कारखाने वाढताहेत, रोज नवी बिऱ्हाडं येताहेत, सिलिंडर मात्र होते तेवढेच. भावाचा कारखान्यातला मित्र भानुदास म्हणाला, "ताई, आमच्या गावाला चला. शेणाचा गॅस पायपानं घरोघर येतो. नंबर नाय, काय नाय." असलं काही ऐकलं की मला घरात बसवत नाही.

दुसऱ्याच दिवशी एसटीने पिशोरला उतरून पुढे बैलगाडीने निघालो. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही. वाटेत माझी एक चप्पल गाडीतून पडली ती पडलीच. भानुदासच्या आईने मला तशी लंगडत येताना पाहिलं आणि पोटभर हसून घेतलं.

मग तिने शेगडीचा कॉक फिरवला, काडी ओढली. निळी, स्वच्छ ज्योत! "फुकायची कटकट नाय बघा," ती म्हणाली. भाकरी आणि येसर (भाजलेल्या डाळींच्या पिठाची झणझणीत आमटी) खाताना मी नुसती त्या शेगडीकडे बघत होते. आमच्या सांगलीत सांगितलं तर कुणाला पटणार नाही.

जेवून आम्ही टाकी बघायला गेलो. गॅस साठला की टाकीवरचं लोखंडी झाकण वर चढतं. ते पार वर आलं होतं आणि कडेने बुडबुडे फुटून गॅस वाया जात होता. टाकी सांभाळणाऱ्या गृहस्थांना मी विचारलं, "सगळ्यांना पुरतो?"

"गावाला पुरतो. त्या खालच्या वस्तीला नाय पुरत."

मला वाटलं, माझी थट्टा चालली आहे. तेवढ्यात डोक्यावर शेणाची पाटी (टोपली) घेऊन एक बाई आल्या. त्यांनी ती मुकाट्याने हौदात रिकामी केली. या गयाबाई, त्याच वस्तीतल्या.

"तुमच्याकडे गॅस येतच नाही?"

"येत व्हता की. आमची पोरं नामांतराच्या मोर्चाला क्रांती चौकात गेली, तवापासून पुरंना झाला. सून बाळंतीण हाय. धुरानं लेकरू खोकून खोकून काळंनिळं पडतं."

"आणि तुमचं शेण चालतं यांना?" मी जवळजवळ ओरडलेच.

"शेण बंद केलं तर पायपच उपटतील, बाई. देत ऱ्हायलं तर कधीतरी कॉक फिरंल."

माझं डोकं फिरलं. वस्तीकडे जाणाऱ्या पाइपाचा कॉक समोरच होता. मी त्याला हात घातला. टाकीवाले ताडकन उठले. पण माझं मनगट धरलं ते गयाबाईंनी.

"नका, बाई. तुमी सांजच्याला शहरात जाल. आमाला हितंच ऱ्हायचंय."

धरलेलं मनगट त्यांनी लगेच सोडलं आणि घाबरून चार पावलं मागे सरकल्या. मी भानुदासकडे पाहिलं. "गावानं ठरवलंय, ताई," तो जमिनीकडे बघत म्हणाला. इतका वेळ मोठ्या तोंडाने बोलणारा हा माणूस! संध्याकाळच्या एसटीने आम्ही परतलो.

घरी पोचले तर वहिनीचा सिलिंडर आला होता. स्वारी खुशीत चहा करत होती.

"काय हो, पुरतो का तिथे गॅस?"

"पुरतो," मी म्हटलं. "उरतोसुद्धा."

"नशीबवान आहेत बाई," ती म्हणाली, आणि मला रडू कोसळलं.