जाळ्यांच्या शेडमधला कॅमेरा

मी चौथी नापास माणूस. भुताखेतांच्या गोष्टी सांगणाऱ्यांची आयुष्यभर टर उडवली. चाळीस वर्षं समुद्रावर काढली, कधी काही दिसलं नाही. तरी हे लिहितोय... हसायचं त्याने हसावं.

२००६ साली मी मिरकरवाडा बंदरात अन्वरशेठच्या शेडमध्ये फाटकी जाळी सांधायला बसायचो. अन्वर नुकताच दुबईहून आलेला. जाळी चोरीला जातात म्हणून त्याने वर कॅमेरा लावला, टीव्ही आपल्या ऑफिसात. माझं डोकंच फिरलं. जेवताना, डुलकी घेताना कुणीतरी बघणार! दोनदा बांबूने कॅमेऱ्याचं तोंड भिंतीकडे फिरवलं, दोनदा त्याने सरळ केलं.

मग एक दिवस बोलावणं आलं.

"चाचा, दुपारी ती बाई कोण येते? बाहेरचं माणूस आत आणायचं नाही."

"तोंड सांभाळ! बायको जाऊन चार वर्षं झाली. मी बाई आणीन?"

"मग तुमच्या बाजूला बसून सुया कोण भरतं? पाठमोरी असते. डावरी आहे."

जाळ्याच्या सुईत दोरा भरून देणं हे आमच्या घरी बायकोचं, हलिमाचं काम. तीस वर्षं, डाव्या हाताने. अन्वरने तिला कधी बघितलेलीसुद्धा नव्हती. फोटो तर तिने उभ्या जन्मात काढू दिला नाही. ती गेल्यावर सुया मीच भरायचो, पण बाजूला तिची जागा मोकळी ठेवायचो... सवय.

"दाखव," म्हटलं.

"हे साठवून ठेवत नाही, चाचा. त्या वेळी चालू असेल तेवढंच दिसतं."

दुसऱ्या दिवशी दुपारी टीव्हीपुढे बसलो. शेड रिकामी. मग टीव्हीच शेडमध्ये आणवला. त्यात मी एकटाच, मान वर करून बसलेला म्हातारा. टीव्ही परत ऑफिसात गेला, आणि थोड्या वेळाने अन्वर पांढराफटक होऊन धावत आला – "आली, चाचा!"

घाबरून तो कॅमेराच काढायला निघाला. बांबू उचलणारा मी, मीच शिडी धरून बसलो. "राहू दे रे..."

ते काय होतं, मला आजही सांगता येत नाही. परक्याला माझी बायको दिसायची, आणि मी तिच्यापासून वीतभर अंतरावर आंधळा. रोज संध्याकाळी विचारायचो, "आली होती?" एकदा लाज सोडून विचारलं, "डोक्यावर पदर असतो ना?"

"असतो, चाचा. मान मात्र सारखी तुमच्याकडे वळलेली."

दुसऱ्या दिवसापासून मी इस्त्रीचा सदरा घालून कामाला जायला लागलो.