तरस धरलं कुणी?

आंदर मावळातल्या कुठल्याही बैलगाडा शर्यतीच्या घाटात, म्हणजे गाडे पळवायच्या चढावर, श्रीपती पिंगळ्याच्या हातात माइक आला, की टपरीवरची माणसं अर्धा चहा तसाच ठेवून उठतात. बारी, म्हणजे गाड्याची पाळी, पुकारणारे निवेदक पुष्कळ आहेत. नुसता आवाज तर कुणालाही असतो! पण गाड्याला बैल जुंपून होईपर्यंत मालकाचं आडनाव कुठून आलं, का पडलं, त्यामागं काय भानगड होती, हे सगळं रंगवून सांगणारा श्रीपती एकटाच. गाडा घाटात पळून जायला काही क्षण पुरतात, पण श्रीपतीनं सांगितलेली गोष्ट माणसं वर्षभर चघळत बसतात.

एरवी तो कामशेतच्या एका भात गिरणीत काट्यावर असतो. पोतं काट्यावर चढायच्या आधी तो नाव विचारतो, आणि नाव कळलं की त्याचं मूळ शोधायला सुरुवात करतो. जांभूळचे ते जांभूळकर, इथवर कुणीही सांगेल. श्रीपती त्यापुढं जातो. शेळके आणि लांडगे एकाच दिवशी भात घेऊन आले, तर तो मुद्दाम त्यांची पोती लांब लांब ठेवतो आणि गिरणीभर हशा पिकवतो. कुणी दगडू नावाचा म्हातारा दिसला, की तरण्या पोरांना थांबवून सांगतो, ‘‘हसू नका रं. मुलं जगत न्हवती तवा आईबाप असलं नाव ठेवायची. काळाला वाटावं, ह्यो दगड नेऊन करायचा काय? आनि बगा, आजोबा अजून चालत गिरनीत आल्यात!’’ स्वतःच्या आडनावाबद्दल तो म्हणतो, की पिंगळा पहाटे दारात येऊन कुणी न विचारता भविष्य सांगतो. न विचारता बोलायची खोड आमच्या घरात जुनीच आहे.

आता सगळ्याच आडनावांच्या गोष्टी कुणाला माहीत असतात? जिथं धागा तुटेल तिथं श्रीपती स्वतःचं ठिगळ लावतो. आणि ते ठिगळ इतकं झोकात लावतो, की खुद्द घरवालेसुद्धा पुढं तीच गोष्ट पाहुण्यांना ऐकवतात.

त्याची सगळ्यात गाजलेली गोष्ट म्हणजे कोंडाजी तरसधऱ्यांची. कोंडाजी आबा गावातलं मोठं घर, जत्रेच्या शर्यतीचे कर्तेधर्ते. घाटही त्यांच्याच माळावर. त्यांच्या कुणा पूर्वजानं ओट्यावरचं लेकरू उचलून पळणारं तरस नुसत्या हातांनी धरलं, म्हणून ते तरसधरे. श्रीपती हे सांगायला लागला की अंगावर काटा येतो. शेवटी तो विचारतो, ‘‘धरलं कुणी?’’ आणि अख्खा घाट गरजतो, ‘‘तरसधऱ्यांनी!’’ मग आबा मांडवात बसल्या बसल्या फेटा सारखा करतात.

यंदाच्या जत्रेत एक नवी गोष्ट होती. डोंगरातल्या ठाकरवाडीचा सावळा मेंगाळ आपले बैल आपल्या नावावर पळवणार होता. इतकी वर्षं त्याचे बैल पळायचे, पण बारी पुकारली जायची आबांच्या नावानं. बैल राखणारा सावळा, चारा घालणारा सावळा, आणि कर्ण्यावर नाव दुसऱ्याचं. या वर्षी त्यानं स्वतःच्या नावानं बारी लावली आणि आबा त्यावर हो म्हणाले नाहीत की नाही म्हणाले नाहीत.

श्रीपतीला कोण आनंद झाला! वाडीवरचं एक नवंकोरं आडनाव त्याला आयतंच मिळालं होतं. जत्रेच्या आदल्या दिवशी गिरणीला दांडी मारून तो डोंगर चढून सावळाच्या दारात हजर झाला.

‘‘मेंगाळ म्हंजी काय रं सावळा?’’ त्यानं टेकायच्या आधीच विचारलं.

‘‘ठावं न्हाई भाऊ,’’ सावळा म्हणाला. ‘‘म्हातारीला इचारा.’’

सावळाची आई चिंगी अंगणात नाचणी पाखडत होती. पायांनी अधू झाल्यापासून तिनं वाडी सोडली नव्हती, पण जीभ धडधाकट होती. ‘‘मेंगाळाचं मला बी ठावं न्हाई,’’ ती म्हणाली. ‘‘पर तू दरसाल त्या तरसाचं सांगतोस, त्ये ठावं हाय. वाऱ्यासंगं हितवर ऐकू येतं. समदं खरं सांगतोस. येकच खोटं.’’

‘‘कंचं?’’

‘‘धरलं कुणी, त्ये.’’

श्रीपती मांडी मोडून खाली बसला. म्हातारीनं सूप बाजूला ठेवलं.

‘‘माझ्या सासऱ्याचा आजा, लखू. तो त्या घरी गुरं राखायला व्हता. तरसानं वट्यावरचं प्वार उचललं तवा ह्यो गोठ्यात गुरं बांधीत व्हता. धावला, आनि तरसाचं मागचं पाय धरलं. उलटून चावलं, बोटं गेली, पर सोडलं न्हाई. घरमालक माडीवरनं नुसता वरडत व्हता, धर! धर!’’

‘‘मग आडनाव त्यांना कसं?’’

‘‘कसं म्हंजी? दुसऱ्या दिशी गावोगावची मानसं बगाया आली. तरस धरलं त्ये घर कंचं, म्हनून इचाराया लागली. लखू तर सांजच्यालाच वाडीवर आलता. घर तितंच व्हतं. नाव घराला चिकटलं.’’

श्रीपतीच्या डोक्यात घंटा वाजायला लागल्या. आडनावाची असली गोष्ट त्याला उभ्या आयुष्यात मिळाली नव्हती, आणि यात एकही ठिगळ लावायची गरज नव्हती. ‘‘मावशी, इतकी वर्सं कुणाला बोलला न्हाईत?’’

‘‘कुणाला बोलायचं? वाडीत समद्यांना ठावं हाय.’’

सावळा मात्र अस्वस्थ झाला. ‘‘भाऊ, ह्ये उद्या नगं. आमची गुरं आबांच्या माळावर चरत्यात. माझं नाव घ्या, बैलांचं घ्या. तेवढं लय झालं.’’

चिंगीनं पोराकडं पाहिलंसुद्धा नाही. ती श्रीपतीला म्हणाली, ‘‘तू सांग. मरायच्या आदी येकदा कानानं ऐकन म्हंते.’’

डोंगर उतरताना श्रीपतीचे पाय जमिनीवर नव्हते. ही गोष्ट सांगायची तर सावळाच्या गुरांचा चारा तुटणार आणि आपल्या हातातला माइकही जाणार, हे त्याला कळत होतं. आणि न सांगायची, तर ती पोटात ठेवायची कशी? वाटेत भेटलेल्या दोघातिघांना ती त्यानं जवळजवळ सांगितलीच होती. प्रत्येक वेळी जीभ चावली.

दुसऱ्या दिवशी घाट माणसांनी फुलून गेला. फटाके, भंडारा, आइस्क्रीमच्या गाड्यांचे भोंगे आणि त्या सगळ्यावर श्रीपतीचा आवाज. बाऱ्यांमागून बाऱ्या होत होत्या. अखेर खाली सावळाचे बैल जुंपायला घेतले. शेजारीच कोंडाजी आबा खुर्चीवर बसले होते.

‘‘आता येतोय सावळा मेंगाळ, ठाकरवाडी!’’ श्रीपतीनं सुरुवात केली. इथवर बरोबर होतं. इथं थांबला असता तर सगळ्यांचंच निभावलं असतं. पण पुढं तोंडातून निघालं, ‘‘आनि बैल जुंपूस्तवर ऐका! येका घराच्या वट्यावर येक लेकरू निजलं व्हतं...’’

लोकांना वाटलं, नेहमीचीच गोष्ट आहे. पोरं शिट्ट्या मारू लागली. खाली बैलाच्या वेसणीशी उभ्या सावळानं मान हलवून नको नको म्हटलं, ते श्रीपतीला स्पष्ट दिसलं. पण गोष्ट उताराला लागली होती. लेकरू उचललं गेलं. तरस पळालं. मागचे पाय कुणीतरी धरले. बोटं गेली, तरी धरले.

‘‘धरलं कुणी?’’ श्रीपतीनं विचारलं.

‘‘तरसधऱ्यांनी!’’ घाट गरजला.

श्रीपतीनं डोळे मिटले. ‘‘न्हाई,’’ तो म्हणाला.

एवढा मोठा घाट, पण बैलांच्या गळ्यातल्या घुंगरांचा आवाज वर ऐकू यायला लागला. आबा खुर्चीतून उठले. म्हातारा माणूस, पण दोन ढांगांत माइकपाशी आले आणि त्यांनी हात पुढं केला. श्रीपतीनं माइक देऊन टाकला. दुसरं करणार काय? आपली निवेदकी संपली, हे तो मनोमन समजून चुकला.

‘‘लखूनं धरलं,’’ आबांचा आवाज कर्ण्यातून आला. ‘‘सावळाच्या खापरपणज्यानं. तरसाच्या तोंडात जे प्वार व्हतं, तो माझा पणजा. त्याच्या मानेवरचे वण माझ्या आजीनं बगितलेले. तिनंच मला सांगितलं.’’

श्रीपतीचा जबडा खाली आला. माइक चालू आहे हेही तो विसरला. ‘‘मग आबा, इतकी वर्सं मी सांगतोय, तुमी ऐकताय...’’

‘‘तू गिरनीत मला इचारलंस, तुमचं आडनाव कशानं पडलं? मी म्हनलं, तरस धरलं म्हनून. कुणी धरलं, ते तू इचारलंच न्हाईस. ते तुझं तूच लावलंस.’’ मग आबा जरा खालच्या आवाजात म्हणाले, ‘‘आनि मला ते ग्वाड लागलं. म्हनून गप ऱ्हायलो.’’

मग खालून आरोळी आली, बैल आवरत नव्हते. आबांनी माइक श्रीपतीच्या छातीला टेकवला. ‘‘बघतोस काय? बारी पुकार!’’

आणि श्रीपतीनं पुकारली. झेंडा पडला, गाड्यापुढं पळवायची घोडी उधळली, धुरळ्यात बैलांची नुसती शिंगं दिसायला लागली. शब्दांचा कारखाना असलेल्या श्रीपतीला त्या वेळी एक शब्द सुचेल तर शपथ. ‘‘सावळा मेंगाळ! सावळा मेंगाळ! लखू मेंगाळाचा सावळा! आला रं आला, भिर्रर्र झाली!’’ एवढंच तो पुन्हा पुन्हा ओरडत राहिला आणि घाटही त्याच्याबरोबर ओरडत होता. मांडवातल्या बाया उभ्या राहिल्या. भंडाऱ्यानं माणसांची तोंडं ओळखू येईनात.

सावळाचा गाडा पहिला आला नाही, दुसराही आला नाही. सावळाला त्याचं काही नव्हतं. बैल दुसऱ्याच्या हाती देऊन तो धापा टाकत मांडवात आला. आबांच्या समोर येताच घोटाळला, नमस्काराला वाकू लागला. आबांनी दंडाला धरून त्याला अर्ध्यातच उभा केला.

मग सावळा श्रीपतीकडं वळला. ‘‘भाऊ, म्हातारीला ऐकू गेलं असंल का?’’

श्रीपतीनं वर पाहिलं. मांडवाच्या कनातीवरच्या झालरी डोंगराकडून खाली फडफडत होत्या. वारा आज उलटा होता. दोन्ही कर्णे गावाकडं तोंड करून होते. वाडीवर फार तर फटाक्यांचे आवाज पोहोचले असतील.

‘‘न्हाई गेलं,’’ त्यानं खरं सांगितलं. सावळाचा चेहरा पडला.

पुढची बारी जुंपून तयार होती. तिचा मालक घाई करत होता, त्याच्याही आडनावाची गोष्ट व्हायची होती. पण आबा हातातली काठी उगारून कर्ण्यांच्या खांबाखालच्या पोरांवर खेकसले, ‘‘ए, चढा वर! दोनी कर्णं वाडीकडं फिरवा! ती बारी थांबल जरा.’’

पोरं चढली. कर्णे करकरत डोंगराकडं वळले. श्रीपतीनं घसा साफ केला आणि ओट्यावरच्या लेकरापासून पुन्हा सुरुवात केली. या खेपेला घाट मधे ओरडला नाही, कुणी शिट्टी मारली नाही. लखू धावला तोवर आबा मांडवाच्या कडेला जाऊन उभे राहिले होते, कानामागं हात धरून, डोंगराकडं तोंड करून.

‘‘आवाज वाढव,’’ ते म्हणाले. ‘‘तिला नाव ऐकू गेलं पायजे.’’