फारच शांत

आमच्या ह्यांना तुम्ही टीव्हीवर नक्की पाहिलं असेल. खुनाच्या माहितीपटात, पुस्तकांच्या कपाटापुढे, अर्ध्या चेहऱ्यावर उजेड घेऊन बसलेले. खाली पट्टी येते, 'गुन्हेगारी मानसशास्त्राचे तज्ज्ञ'. तज्ज्ञ कसले, कपाळ! कॉलेजात मानसशास्त्र शिकवायचे आणि घरात झुरळ दिसलं की मला हाका मारायचे.

झालं असं, की खालच्या मजल्यावरच्या औषधवाल्याला बायकोच्या खुनासाठी पकडलं आणि कॅमेरेवाले जिन्यात येऊन उभे राहिले. हे म्हणाले, तो माणूस शांत होता, फारच शांत. आणि थांबले. जिन्याच्या खिडकीकडे बघत राहिले. पुढचं वाक्य विसरले होते, दुसरं काही नाही. पण दिग्दर्शिका म्हणे शहारली. तेव्हापासून कुठेही खून होवो, बोलावणं ह्यांनाच.

तिथली रीतच आहे. कॅमेऱ्यात बघायचं नाही, बाजूला बघायचं, आणि बोलून झालं की थांबायचं, म्हणजे त्या जागी संगीत घालता येतं. हे खूळ मग घरी आलं. "भाजीत मीठ जास्त झालंय," म्हणायचे आणि खिडकीकडे बघत बसायचे. माझं डोकं फिरायचं.

लेकीने लग्न ठरवलं तेव्हा तिने बापाला आधीच बजावलं. आधीचा एक मुलगा ह्यांच्या त्या थांबण्याला घाबरून पळाला होता ना. "बाबा, मला हाच हवाय. तुम्ही फक्त बिस्किटं पुढे करा."

रविवारी मुलगा आईवडिलांना घेऊन चहाला आला. हे गुणी बाळासारखे बिस्किटं पुढे करत होते. पण मुलाची आई पडली ह्यांची चाहती, एकही भाग न चुकवणारी. तिने विचारलंच, आमचा मुलगा कसा वाटला?

ह्यांनी कप खाली ठेवला. मी घाईघाईने बिस्किटांची बशी ह्यांच्याकडे सरकवली.

"मुलगा शांत आहे," हे म्हणाले. "फारच शांत."

आणि खिडकीकडे बघत बसले.

 लेकीचा चेहरा पांढराफटक. मुलाला दरदरून घाम फुटला आणि तो भडाभडा बोलायलाच लागला. बँकेतली नोकरी सोडलीय, घरी सांगायची हिंमत झाली नाही, रोज डबा घेऊन निघतो आणि कुत्र्यांचे केस कापायला शिकतो.

त्याच्या वडिलांचं बिस्किट चहात पडलं. आई आधी रडली, मग हसायला लागली. म्हणाली, तरीच रोज शर्टावर केस, मला मेलीला भलतंच वाटत होतं. लेकीला सगळं आधीपासून ठाऊक होतं म्हणे. वडिलांनी चमच्याने बिस्किट बाहेर काढलं आणि लग्नाची तारीख विचारली. निघताना आई ह्यांना सांगून गेली, तुमच्या नजरेतून काही म्हणजे काही सुटत नाही.

दार लागलं तशी लेक बापावर बरसली. तिला रडू आवरेना. लग्न मोडता मोडता राहिलं, सगळं माहीत होतं तर मला एकटीला विचारायचं ना!

"अगं, मला कुठे काय माहीत होतं?" हे म्हणाले. "पुढचं वाक्य विसरलो."

"काय होतं पुढचं?"

हे खिडकीकडे वळले नाहीत. सरळ तिच्याकडे बघत म्हणाले, "म्हणूनच मला आवडला."